तगरीवरची डोळेवाली अळी

दांडिया बाजारातून एक आजी विचारतात: आमच्या वाड्यातल्या तगरीवर बोटभर हिरवी अळी आहे, निळे डोळे वटारून बघते. नातवंडं तिथेच खेळतात. चावेल का?

आजी, ते डोळेच नव्हेत. डोक्यामागे अंगावर निळे-पांढरे दोन ठिपके असतात. धोका जाणवला की अळी डोकं आत ओढून मान फुगवते, ठिपके मोठे दिसतात आणि पक्षी बिचकतो. खरे डोळे इतके बारीक की सहज दिसणारही नाहीत. शेपटीकडचं शिंग मऊ असतं, त्यानं डंख होत नाही. अंगावर केस नाहीत, त्यामुळे खाजही सुटत नाही. नातवंडांना खुशाल दाखवा, फक्त चिमटीत धरू देऊ नका. तिला इजा होते. ही कण्हेर पतंगाची अळी. सजीवांना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसनं १७५८ मध्ये त्याला कण्हेरीवरूनच (शास्त्रीय नाव 'नेरियम') 'निरी' हे नाव दिलं.

कण्हेरीला तर गुरंही तोंड लावत नाहीत, मग अळी मरत कशी नाही?

कण्हेरीचं विष हृदयाचे ठोके बिघडवतं, पण या अळीला ते पचतं. तगर आणि सदाफुली कण्हेरीच्याच कुळातल्या, म्हणून ती तिन्हींवर सापडते. आपण मात्र सावध राहायचं: कण्हेरीचं पान किंवा फूल मुलांच्या तोंडात जाता कामा नये.

काल हिरवी होती, आज तपकिरी होऊन अंगणात धावतेय. रोग पडला का?

नाही हो, ती कोषात जायला जागा शोधतेय. पालापाचोळ्याखाली शिरेल, तो कोपरा तीनेक आठवडे झाडू नका. उबदार हवेत साधारण दोन आठवड्यांत पतंग बाहेर येतो, आणि काय देखणा! पसरलेले पंख दहाएक सेंटिमीटर, शेवाळी हिरव्यावर पांढऱ्या-गुलाबी लाटा, संगमरवरावर असाव्यात तशा. दिवसा पानांत बसला की नजरेसमोर असून सापडत नाही. दिवेलागणीला जाईजवळ उभे राहा: फुलावर न बसता, हवेतच थरथरत, लांब सोंडेनं मध पितो. आफ्रिका आणि दक्षिण आशिया हे त्याचं घर, पण उन्हाळ्यात काही थेट युरोपपर्यंत उडत जातात.

कुंडीतली सदाफुली खाऊन टाकली. औषध मारू?

नको. अळी पानासकट उचलून मोठ्या तगरीवर ठेवा. सदाफुलीला नवे धुमारे फुटतील.