नाशिकमध्ये राहून एनबीएच्या मॅचेस रेडिओवर कशा ऐकायच्या?

तुमचा प्रश्न असा की सिडकोतून सव्वासातच्या कंपनीच्या बसने सातपूरला जाता, जाताना एनबीएची, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगची, मॅच ऐकायचीये, स्क्रीनकडे बघत बसणं जमत नाही, रोजचा डेटा दीड जीबी, आणि घरी आजोबांचा ट्रान्झिस्टर पडून आहे तर त्यावर काही लागेल का. मी बरीच वर्षं सकाळी मॅच ऐकत ऐकतच काम करते त्यामुळे जरा सविस्तर लिहिते.

ट्रान्झिस्टरवर नाही लागणार. तिकडे प्रत्येक टीमची मॅच तिच्या तिच्या शहरातल्या स्टेशनवर लागते, काही एफएमवर, काही मीडियम वेव्हवर. मीडियम वेव्हचा सिग्नल रात्री वरच्या वातावरणातल्या थरावरून परत खाली फिरतो म्हणून लांब जातो, क्लीव्हलंडचं ११०० नाहीतर सॅन अँटोनियोचं १२०० ही ५० किलोवॅटची स्टेशनं रात्री कितीतरी राज्यांत ऐकू येतात, पण ते सगळं त्यांच्या खंडात. आपल्याकडे १०१.४ ला आकाशवाणी नाशिक छान लागतं पण त्यावर एनबीए नसते. मग मोबाईलच. पण मोबाईलवर येतं ते खरंखुरं रेडिओचं समालोचन असतं, तिथला माणूस त्याच्या गावच्या लोकांसाठी जे बोलतोय तेच.

सोपा आणि सरळ रस्ता म्हणजे एनबीएचं अधिकृत अ‍ॅप. त्यात त्या दिवसाची मॅच उघडली की व्हिडिओसोबत ऑडिओचेही पर्याय असतात, होम टीमचा रेडिओ आणि अवे टीमचा रेडिओ, दोन्ही वेगळे. यातलं फुकट काय आणि लीग पास (एनबीएची पैसे भरून घ्यायची सदस्यता) घेतल्यावर काय हे सीझनप्रमाणे बदलत असतं, तेव्हा पैसे भरायच्या आधी अ‍ॅपमध्येच बघून घ्या. बरेच लोक दुसरा मार्ग धरतात, म्हणजे शिकागोच्या स्टेशनच्या वेबसाइटवर जाऊन लाइव्ह दाबायचं, दिवसभर तिथे गप्पांचे कार्यक्रम मस्त चालू असतात आणि नेमकी मॅच सुरू झाली की भलतंच काहीतरी लागतं. स्टेशन बिघडलेलं नसतं. स्टेशनला मॅच हवेतून प्रसारित करायचे हक्क असतात, इंटरनेटवरचे हक्क लीगने स्वतःकडे ठेवलेले असतात, म्हणून मॅचच्या वेळेला त्यांना खूपदा स्ट्रीमवर दुसरं काही लावावं लागतं. आणि ते चोरीचे स्ट्रीम वगैरेंच्या नादी लागू नका, ऐन चौथ्या, म्हणजे शेवटच्या क्वार्टरमध्ये बंद पडतात.

डेटाची चिंता तर सोडूनच द्या. ६४ केबीपीएसचा ऑडिओ तासाला साधारण २९ एमबी खातो, १२८ चा असला तरी ५८ च्या आसपास, आणि पूर्ण मॅच सव्वादोन-अडीच तासांची, म्हणजे चांगल्या आवाजात सगळी ऐकली तरी दीडशे एमबी. एक मात्र करा, स्कोअरच्या नोटिफिकेशन्स बंद ठेवा, कारण स्ट्रीम प्रत्यक्ष खेळाच्या मागे चालतो आणि बॉल अजून हवेत असताना वर पट्टी येते की मॅच संपली, सगळी मजा गेली. आणि जाहिरातींच्या वेळी कधी कधी स्ट्रीमवर नुसती शांतता असते, ती नेट गेल्याची खूण नाही, थांबा, परत सुरू होतं.

आता माझ्या मते खरा प्रश्न वेगळा आहे, टीम कुठली धरायची. लोक म्हणतात लेकर्स, वॉरियर्स, कारण नावं ऐकलेली असतात. पण तुम्ही घड्याळ बघून टीम निवडा. हिवाळ्यात न्यूयॉर्क आपल्या साडेदहा तास मागे असतं. बॉस्टनची संध्याकाळी साडेसातची मॅच आपल्याकडे पहाटे सहाला, शिकागो, मिलवॉकी, डॅलस, ओक्लाहोमा, मेम्फिस यांची तिथल्या सातची मॅच आपल्याकडे साडेसहाला, आणि लॉस एंजेलिसची साडेसातची मॅच आपल्याकडे सकाळी नऊला, तेव्हा तुम्ही मशीनवर असाल. म्हणजे तुमच्यासाठी मधल्या पट्ट्यातली टीम. साडेसहाला घरी चहा घेताना पहिला हाफ चालू, बसमध्ये बसेपर्यंत दुसरा क्वार्टर रंगात, आणि सातपूर येईपर्यंत हाफटाइमच्या आसपास. तिकडची मंगळवार संध्याकाळ म्हणजे आपली बुधवार सकाळ, हे डोक्यात एकदा बसलं की वेळापत्रक वाचताना गोंधळ होत नाही. प्रत्येक टीमच्या ८२ मॅचेस असतात, ऑक्टोबर ते एप्रिल, तेव्हा आठवड्यातून तीन-चार सकाळी तरी काहीतरी मिळतंच.

माझी टीम बॉस्टन, आणि तीही वेळेमुळेच. कॉलेज रोडच्या बाजूला राहणाऱ्या मुलामुलींचे डबे करते मी, पहाटेपासून हात कणकेत, डोळे तव्यावर, मोकळे असतात ते फक्त कान. फळीवर मसाल्याच्या डब्याच्या वर छोटा ब्लूटूथ स्पीकर ठेवलाय. त्याखाली कुकरची शिट्टी, फोडणीचा आवाज, बाहेर दूधवाल्याची गाडी, तरी शब्दन् शब्द कळतो कारण आता कान त्या आवाजाला बसलेत. मिक्सर मात्र मी टाइमआउटलाच लावते. प्रत्येक टीमला मॅचमध्ये सात टाइमआउट असतात, एकेक ब्रेक दोन-तीन मिनिटं सहज चालतो, खोबऱ्याचं वाटण तेवढ्यात होऊन जातं. अटीतटीची मॅच असली की शेवटच्या दोन मिनिटांत इतके टाइमआउट येतात की चटणी, वाटण, सगळंच उरकतं.

आता ऐकायचं कसं. सुरुवातीला कान गांगरतो, हे सगळ्यांचं होतं. क्रिकेटची कॉमेंट्री ऐकून आपण मोठे झालो, बाळ ज. पंडितांचं मराठी धावतं समालोचन माझे वडील अजून आठवून सांगतात, पण क्रिकेटमध्ये दोन बॉलच्या मध्ये जागा असते, तेवढ्यात फील्डिंग, हवा, मागच्या वेळचा किस्सा सगळं बसतं. बास्केटबॉलमध्ये ती जागा नाही. दहा माणसं एकाच वेळी पळतायत, सगळं सांगायला गेलं तर बॉल तोपर्यंत दुसऱ्या टोकाला पोचलेला असतो, म्हणून इथल्या समालोचकाचं कसब असतं काय गाळायचं त्यात. तो बॉल कुणाकडे, कोर्टवर कुठे, घड्याळात किती, स्कोअर किती, एवढंच धरतो आणि बाकी आवाजाच्या चढावर सोडतो. चांगला माणूस स्कोअर आणि वेळ इतक्यांदा सांगतो की तुम्ही मध्येच बसमध्ये चढलात तरी लगेच कळतं कुठे आहोत.

एक युक्ती सांगते, ती मला फार उपयोगी पडली. अर्ध्या कोर्टचं चित्र वहीच्या पानावर काढा, ५० फूट रुंद आणि ४७ फूट लांब, आणि त्यावर हे शब्द लिहा: पेंट (बास्केटसमोरचा रंगवलेला चौकोन), फ्री थ्रो लाइन (त्या चौकोनाची समोरची रेघ), तिच्या दोन टोकांना एल्बो, समोर टॉप ऑफ द की, दोन बाजूंना विंग, अगदी कोपऱ्यात कॉर्नर, आणि बास्केटच्या मागची रेघ म्हणजे बेसलाइन. इतकंच. तेच ते शब्द फिरून फिरून येतात. कॉर्नर म्हटलं की तिथून थ्री-पॉइंटची रेघ (जिच्या बाहेरून बास्केट केली तर तीन पॉइंट) २२ फुटांवर असते आणि समोरून २३ फूट ९ इंचांवर, म्हणून बॉल कॉर्नरला सुटला की समालोचकाचा आवाज आधीच वर जातो, कारण शॉट जवळचा आहे हे त्याला माहीत असतं आणि काही दिवसांनी तुम्हालाही कळायला लागतं. मॅच सुरू होताना बरेच जण सांगतात की आमची टीम तुमच्या रेडिओच्या डायलवर डावीकडून उजवीकडे खेळतेय. हे नीट ऐका. डायल म्हणजे जुन्या ट्रान्झिस्टरची ती आडवी पट्टी, आजोबांचा आहे ना, समोर ठेवून बघा. डोक्यात ती दिशा पक्की केली की मग लेफ्ट विंग, राइट कॉर्नर आपोआप जागेवर बसतात, आणि हाफटाइमनंतर दिशा उलटी होते.

दुसरं म्हणजे २४ सेकंद. टीमने बॉल घेतला की तेवढ्यात शॉट मारायलाच लागतो. हा नियम १९५४ मध्ये आला. त्याआधी पुढे असलेली टीम बॉल नुसता धरून बसायची, १९५० मध्ये फोर्ट वेन पिस्टन्सने लेकर्सला (तेव्हा ते मिनियापोलिसचे होते) १९-१८ ने हरवलं होतं, पूर्ण मॅचचा स्कोअर बरं का हा, आणि ते रेडिओवर ऐकणाऱ्याचं काय झालं असेल विचार करा. २४ सेकंदांमुळे ऐकायला एक ठेका मिळाला, बॉल वर आणला, पास, पिक (साथीदाराने बचाव करणाऱ्याची वाट अडवणं), शॉट, रिबाउंड (चुकलेल्या शॉटचा बॉल पकडणं), परत उलट्या दिशेने. तो ठेका पकडला की इंग्रजी भरभर आहे ही भीती जाते. मॅचच्या आधी दोन्ही टीमच्या सुरुवातीच्या पाच-पाच खेळाडूंची नावं फक्त एकदा मोठ्याने वाचा, कानाला नाव ओळखीचं असलं की निम्मं काम झालं.

आणि एकाच टीमचा रेडिओ धरून राहा, हे मी अगदी कळकळीने सांगते. रोज वेगळी मॅच, वेगळा आवाज ऐकलात तर दरवेळी पहिल्यापासून सुरुवात. बॉस्टनच्या रेडिओवर कित्येक वर्षं शॉन ग्रँडी आणि सेड्रिक मॅक्सवेल ही जोडी आहे, मॅक्सवेल १९८१ च्या फायनल्सचा एमव्हीपी (सर्वोत्तम खेळाडू), एखादा शॉट का चुकला हे तो दोन वाक्यांत सांगतो आणि परत ग्रँडीला जागा देतो. लेकर्सकडे जॉन आयर्लंडच्या जोडीला मायकल थॉम्पसन, एनबीए खेळाडू क्ले थॉम्पसनचे वडील, स्वतः १९८७ आणि १९८८ च्या विजेत्या टीममधले. ही माणसं आपल्या टीमची बाजू घेतात, रेफरीवर चिडतात, आणि मला ते आवडतं, कारण ते त्यांच्या गावाशी बोलत असतात. टीव्हीवरच्या मोठ्या मॅचमध्ये दोन्हीकडचं सारखं बोलणं असतं, त्यात तो जीव नाही.

ही परंपरा जुनी आहे. बॉस्टनचे जॉनी मोस्ट, घोगऱ्या आवाजाचे, १९५३ पासून १९९० पर्यंत सेल्टिक्सच्या, म्हणजे बॉस्टनच्या टीमच्या, मॅचेस सांगत होते. १५ एप्रिल १९६५ ला फिलाडेल्फियाविरुद्ध मालिकेच्या सातव्या, निर्णायक मॅचमध्ये बॉस्टन ११०-१०९ पुढे, पाच सेकंद उरलेले, बॉल फिलाडेल्फियाकडे, आणि बॉस्टनच्या हॅवलिचेकने पास अडवला तेव्हा ते जे ओरडले, 'हॅवलिचेक स्टोल द बॉल', ते नेटवर सहज मिळतं, नक्की ऐका, माणूस जागेवरून उठलाय हे आवाजावरून कळतं. लेकर्सचे चिक हर्न तर १९६५ पासून २००१ पर्यंत एकही मॅच न चुकवता सलग ३,३३८ मॅचेस बोलले, आणि स्लॅम डंक, एअर बॉल हे शब्द रूढ करायचं श्रेय त्यांनाच देतात.

कुणी म्हणालं ना की रेडिओ म्हणजे दुधाची तहान ताकावर, तर त्याला २ मार्च १९६२ ची मॅच सांगा. फिलाडेल्फियाच्या विल्ट चेंबरलेनने हर्शी गावात न्यूयॉर्कविरुद्ध एकट्याने १०० पॉइंट केले, फिलाडेल्फिया १६९-१४७ ने जिंकली, आणि त्या मॅचचं चित्रीकरण कुठेच नाही. टीव्हीवर नव्हतीच ती. उरलंय ते बिल कॅम्पबेल यांचं चौथ्या क्वार्टरचं रेडिओवरचं समालोचन, तेही ऐकणाऱ्याने टेपवर उतरवून घेतलं म्हणून. लायब्ररी ऑफ काँग्रेसने ते जपून ठेवायच्या ध्वनिमुद्रणांच्या यादीत घेतलंय. एनबीएमधला सगळ्यात मोठा वैयक्तिक स्कोअर आज आपल्यापर्यंत पोचतो तो फक्त कानातून. मी ते ऐकलं तेव्हा हातातलं काम ठेवून ऐकलं.

सुरुवात करायला डिसेंबर चांगला. २५ तारखेला तिकडे एकामागून एक पाच मॅचेस असतात, पहिली तिथल्या दुपारी बाराला म्हणजे आपल्याकडे रात्री साडेदहाला, तेव्हा घरी निवांत बसून चित्राची वही समोर ठेवून एक पूर्ण ऐका. मग बसमधल्या मॅचेस जड जाणार नाहीत. शिफ्टच्या बसमध्ये एकाच कानात इअरफोन घाला, दुसरा कान मोकळा ठेवा, स्टॉप चुकायला नको.

आणि मार्चचं लक्षात ठेवा. दुसऱ्या रविवारी तिकडे घड्याळं एक तास पुढे जातात, मग शिकागो-डॅलसची सातची मॅच आपल्याकडे साडेपाचलाच सुरू होते आणि बसमध्ये तुमच्या वाट्याला मॅचचा शेवटच येईल. तेव्हा साडेसहाची जागा डेनव्हर आणि युटाच्या मॅचेस घेतात, एप्रिलपर्यंत त्या ऐका. फिनिक्सवाले मात्र घड्याळ बदलतच नाहीत, त्यांची संध्याकाळी सातची मॅच सगळा सीझन आपल्याकडे सकाळी साडेसातलाच.