कुठे अडलं ते माणसांना विचार, कसं सुटतं ते पुस्तकांना

प्रिय,

तुझं पत्र आणि कथा दोन्ही मिळालं. कथेबद्दल लिहितेच, पण आधी तुझा प्रश्न, कारण तो तू अगदी पोटतिडकीने विचारलायस. लिहायला शिकायचं तर कुणी गुरू लागतोच का, की मोठ्या लेखकांना मन लावून वाचत राहिलं तरी पुरतं? आणि त्याच्याच खाली तू जर्मन कवी रिल्केचा दाखला दिलायस, की त्याने तर पत्रातून सल्ला मागणाऱ्या एका तरुण कवीला सरळ सांगून टाकलं होतं, कुणाला विचारत फिरू नकोस, स्वतःच्या आत उतर. खरंय, १९०३ च्या फेब्रुवारीतलं ते पहिलं पत्र तसंच आहे. पण अगं, एवढं सांगून तो थांबला नाही ना, त्या मुलाला तो पुढे १९०८ पर्यंत पत्रं लिहीत राहिला. लिहायचं की नाही हे दुसरा कुणी ठरवू शकत नाही, हे मला शंभर टक्के पटतं. पण लिहिलेलं समोरच्यापर्यंत कसं पोचतंय हे एकट्याने बसून कळणं फार फार अवघड, कारण जे कागदावर आलंच नाही ते सुद्धा आपल्या डोक्यात असतं आणि वाचताना आपण ते आपोआप भरून घेतो.

म्हणून माझं उत्तर असं आहे की दोन्ही लागतात, फक्त दोघांकडून वेगवेगळ्या गोष्टी घ्यायच्या. आपलं लिखाण कुठे अडतंय हे जाणत्या वाचकाकडून घ्यायचं, आणि तसं अडलेलं कसं सुटतं हे मोठ्या लेखकांच्या पुस्तकांतून. बरेचजण नेमकं उलटं करतात. जाणत्या माणसाला गाठून विचारतात "मग इथे काय लिहू सांगा", आणि मोठ्या लेखकाला वाचताना फक्त छान वाक्यांखाली रेघा मारत बसतात.

याचं मला सगळ्यात आवडणारं उदाहरण अमेरिकन लेखक आणि मुत्सद्दी बेंजामिन फ्रँकलिनचं आहे, आणि ते त्याने स्वतःच आत्मचरित्रात सविस्तर सांगून ठेवलंय. हा पोरगा भावाच्या छापखान्यात उमेदवारी करत होता, वाचायचा नाद जबरदस्त, आणि मुलींना शिकवावं की नाही यावर मित्राशी त्याचा पत्रातून वाद चालला होता. ती पत्रं वडिलांच्या हाती लागली. वडिलांनी कोण बरोबर कोण चूक यात पडायचंच नाही असं ठरवून फक्त लिखाणाबद्दल सांगितलं, की स्पेलिंग आणि विरामचिन्हं तुझी चांगली आहेत (छापखान्यात काम करत होता ना), पण भाषेचा डौल, मांडणी आणि स्पष्टपणा यात तू कमी पडतोस. आणि नुसतं सांगून सोडलं नाही तर पत्रातल्या जागा काढून दाखवल्या. आता बघ, वडील काही लेखक नव्हते, मेणबत्त्या आणि साबण बनवायचा त्यांचा धंदा. सुधारून कसं लिहायचं ते त्यांनी सांगितलं नाही, कुठे कमी पडतंय तेवढं सांगितलं, आणि तेवढं पुरलं.

"कसं" त्याला पुस्तकात सापडलं. त्या काळच्या 'स्पेक्टेटर' नावाच्या लंडनच्या नियतकालिकाचा एक सुटा खंड त्याला मिळाला, लिखाण बेहद्द आवडलं, आणि मग त्याने जे केलं ते मी लिहिणाऱ्या प्रत्येकाला करायला सांगते. एक लेख घ्यायचा, प्रत्येक वाक्यात काय म्हटलंय त्याची अगदी थोडक्यात नोंद करायची, मग ते कागद काही दिवस बाजूला ठेवून द्यायचे, आणि नंतर मूळ लेख न बघता त्या नोंदींवरून तो लेख आपल्या शब्दांत पुन्हा लिहायचा. मग मूळ काढून ओळीला ओळ लावून बघायचं. त्यातून त्याला कळलं की आपल्याकडे शब्दच कमी आहेत, म्हणून त्याने काही गोष्टी पद्यात घातल्या, कारण यमक आणि मात्रा जुळवायला एकाच अर्थाचे वेगवेगळे शब्द शोधावे लागतात, आणि मूळ गद्य पुरेसं विसरल्यावर त्या परत गद्यात आणल्या. कधी नोंदी मुद्दाम उलटसुलट करून ठेवायचा आणि काही आठवड्यांनी पुन्हा नीट क्रमाने लावायचा, म्हणजे विचार कशामागून काय यावा हे कळायला लागतं. हे सगळं काम संपल्यावर रात्री, नाहीतर सकाळी काम सुरू व्हायच्या आत, नाहीतर रविवारी.

तू हे करशील तेव्हा तुला आवडलेल्या कथेतला एकच पॅराग्राफ घे, सगळी कथा नको, दमशील. प्रत्येक वाक्यापुढे दोन-तीन शब्द लिही, "दार वाजतं", "ती उठत नाही", "बाहेरचा आवाज ओळखीचा", असं. चार-पाच दिवस तिकडे फिरकूच नकोस. मग लिही. आणि शेजारी शेजारी ठेवून बघशील तेव्हा मुख्य फरक बहुधा शब्दांत नसेल, तो लांबीत असेल. जिथे लेखकाने "ती उठली नाही" एवढंच लिहून सोडलंय तिथे तू तिला का उठावंसं वाटलं नाही हे दोन ओळींत सांगितलेलं असेल. ते सांगायचा मोह त्यालाही झाला असेल की, पण त्याने ते कुठे ठेवलं? पुढच्या संवादात? की ठेवलंच नाही? हे शोधताना जे हाताला लागतं ना, ते नुसतं शंभर वेळा "वा" म्हणून वाचल्याने लागत नाही.

आता तुझी कथा. दुसऱ्या पानावर तू लिहिलंयस, "बाबांनी अत्यंत जड अंतःकरणाने, थरथरत्या हातांनी ड्रॉवरमधून ऑफिसची जुनी किल्ली काढली आणि कितीतरी वेळ ते विषण्णपणे तिच्याकडे पाहत राहिले." इथे मी थांबले. वाक्य चूक नाही, पण जड अंतःकरण, थरथरते हात, विषण्ण, हे सगळं तू मला सांगतेयस, मला बाबा दिसत नाहीयेत. आणि गंमत म्हणजे चौथ्या पानावर तूच लिहिलंयस, "बाबांनी ड्रॉवर उघडला, किल्ली शर्टाला पुसली आणि परत ठेवली." हे वाक्य वाचून माझ्या घशाशी आलं. ज्याला आता त्या ऑफिसात जायचंच नाही तो माणूस किल्ली पुसतोय! तुला हे जमतंय, फक्त दुसऱ्या पानावर तुझा वाचकावर विश्वास नव्हता आणि चौथ्या पानावर होता. दुसऱ्या पानाचं काय करायचं ते मी सांगणार नाही, पण त्यासाठी रशियन कथाकार चेखॉव्हकडे जा.

चेखॉव्हने ३ सप्टेंबर १८९९ ला गॉर्कीला लिहिलेलं एक पत्र आहे. गॉर्कीही रशियन लेखकच, तेव्हा एकतीस वर्षांचा, नाव व्हायला लागलेलं. चेखॉव्ह त्याला सांगतो की प्रूफं वाचताना जमतील तेवढी विशेषणं आणि क्रियाविशेषणं खोडून टाक, कारण ती इतकी आहेत की वाचकाचं लक्ष टिकत नाही, तो दमतो. माणूस गवतावर बसला असं म्हटलं की लगेच समजतं. पण तोच माणूस उंच, अरुंद छातीचा, तांबूस दाढीचा, आणि गवत हिरवं, येणाऱ्याजाणाऱ्यांनी तुडवलेलं, आणि बसणं गुपचूप, भीत भीत इकडेतिकडे बघत, असं सगळं एका वाक्यात कोंबलं की डोक्याला ते एका झटक्यात घेता येत नाही. कथेतलं चित्र डोक्यात तत्क्षणी उतरलं पाहिजे असं त्याचं म्हणणं. आणि हाच चेखॉव्ह तेरा वर्षांपूर्वी सल्ला घ्यायच्या बाजूला होता बरं का. १८८६ मध्ये, तो सव्वीस वर्षांचा असताना, ग्रिगोरोविच नावाच्या त्याच्यापेक्षा खूप मोठ्या लेखकाने आपणहून पत्र लिहून त्याला सांगितलं की तुझ्यात खरी प्रतिभा आहे, घाईघाईत लिहून ती वाया घालवू नकोस. चेखॉव्हने उत्तरात प्रामाणिकपणे लिहिलं की एका दिवसापेक्षा जास्त वेळ ज्यावर घालवला अशी आपली एकही कथा आठवत नाही. म्हणून म्हणते, तू चेखॉव्हच्या फक्त गाजलेल्या कथा वाचू नकोस, ग्रिगोरोविचच्या त्या पत्राच्या आधीच्या आणि नंतरच्या अशा दोन्ही वाच. तोच हात कुठे सावकाश चालायला लागला ते दिसतं.

एक सावधगिरीची गोष्ट पण सांगायला हवी, कारण सगळेच जाणते लोक "कुठे" पाशी थांबत नाहीत. अमेरिकन कथाकार रेमंड कार्व्हरचा एडिटर गॉर्डन लिश हा फार तीक्ष्ण वाचक होता, आणि कार्व्हरला नाव मिळवून देण्यात त्याचा वाटा मोठा होता यात वादच नाही. पण १९८१ मध्ये कार्व्हरचा जो गाजलेला संग्रह आला त्यातल्या काही कथा लिशने निम्म्याहून जास्त कापल्या होत्या, शेवट सुद्धा बदलले होते. कार्व्हरने १९८० मध्ये पत्र लिहून अक्षरशः विनवणी केली की हे छापणं थांबव, तरी पुस्तक तसंच आलं. मूळ कथा वाचकांना २००९ मध्ये मिळाल्या, तोवर कार्व्हर जाऊन वीस वर्षं उलटली होती. कापलेल्या चांगल्या की मूळ चांगल्या यावर लोक अजून भांडतात, काही ठिकाणी मला स्वतःला लिशचं कापणं पटतं. पण ज्याची कथा त्यालाच ती ओळखू येईना असं होणार असेल तर ते मला मान्य नाही. कुणी तुझं वाक्य बदलून दिलं तर ते जसंच्या तसं घेऊ नकोस. त्या माणसाला तिथे काहीतरी खटकलं एवढी माहिती घे, आणि दुरुस्ती तुझी तू कर.

तू लिहिलंयस की मोठ्यांचं फार वाचलं, त्यांची नक्कल केली, तर माझा आवाज हरवेल अशी भीती वाटते. मला ही भीती अजिबात खरी वाटत नाही. ज्ञानेश्वरांनी तर ज्ञानेश्वरीच्या शेवटी उघड सांगून टाकलंय की आपण व्यासांचा माग काढत आणि भाष्यकारांना वाट विचारत चाललोय. गीतेचे श्लोक सातशे, आणि त्यावर शके १२१२ मध्ये त्यांच्या सुमारे नऊ हजार ओव्या झाल्या, आणि त्यातली एक ओवी घेऊन बघ, ती दुसऱ्या कुणाची वाटते का? दुसऱ्याच्या पावलावर पाऊल टाकलं तरी चाल आपलीच राहते. जो एकाच लेखकाला धरून बसतो तो त्याच्यासारखा बोलायला लागतो हे खरंय, पण त्याचा उपाय कमी वाचणं हा नाही, चारजणांना तितक्याच बारकाईने वाचणं हा आहे.

आता जाणता वाचक शोधायचा कुठे? तो प्रसिद्ध असायची गरज नाही, लेखक असायचीही नाही. पण तो भरपूर वाचणारा हवा आणि तुला खूश ठेवायची त्याला गरज नको. जवळची मैत्रीण म्हणून चालत नाही, ती तुझा चेहरा बघून वाचते. एकावेळी एक किंवा दोघांनाच दे, व्हॉट्सॲपवर सगळ्या ग्रुपला फॉरवर्ड करू नकोस, त्याने "मस्त गं" येतं आणि हार्ट येतात, कामाचं काही येत नाही. आणि "कशी वाटली?" असं विचारू नकोस, त्या प्रश्नाला माणूस उत्तर देतो ते तुझ्या भावना सांभाळून देतो. त्यापेक्षा विचार की वाचताना कुठे थांबलात, कुठे मागे जाऊन पुन्हा वाचावं लागलं, कुठे मोबाइल हातात घेतला. उत्तर येईल तेव्हा समजावून सांगायला जाऊ नकोस. "नाही, तिथे मला असं म्हणायचं होतं" हे तोंडाशी येईल, गिळून टाक, वहीत जागा लिहून घे आणि थँक्यू म्हण. दोघांनी एकाच जागी बोट ठेवलं तर तिथे नक्की काहीतरी गडबड आहे, मग दोघांचे उपाय अगदी विरुद्ध का असेनात. एकालाच खटकलं असेल तर आठवडाभर ठेवून दे आणि स्वतः वाच.

या सगळ्याला वेळ लागतो, आणि इथे मी तुला खोटा दिलासा देणार नाही. फ्रेंच कथाकार मोपासाँने १८८८ च्या आपल्या एका प्रस्तावनेत लिहिलंय की सात वर्षं तो कविता, कथा, अगदी एक नाटकसुद्धा लिहून फ्लोबेर या मोठ्या फ्रेंच कादंबरीकाराला दाखवत होता, गुरू सगळं वाचायचा आणि पुढच्या रविवारी जेवताना त्यावर बोलायचा, आणि त्या लिखाणातलं काहीच उरलं नाही. काम काय द्यायचा तर दारात बसलेला वाणी किंवा पाइप ओढत बसलेला दारवान बघ, आणि अशा शब्दांत लिही की दुसऱ्या कुठल्याही वाण्याशी किंवा दारवानाशी त्याची गल्लत होणार नाही. शब्द शोधायला काही सेकंद लागतात, पण आधी बघायला किती वेळ लागत असेल याचा विचार कर. १८८० मध्ये मोपासाँची पहिली मोठी कथा आली, फ्लोबेरने ती वाचली, तोंडभरून कौतुक केलं, आणि त्याच वर्षी मे महिन्यात तो गेला.

तुला सात वर्षं लागतील असं मी म्हणत नाही. पण या महिन्यात ही कथा कुठल्या स्पर्धेला पाठवू नकोस एवढं ऐक. दुसरं पान आधी हातात घे, बाकीच्याला हात लावू नकोस. पुढचा ड्राफ्ट पाठवशील तेव्हा सोबत त्या पॅराग्राफच्या नोंदी आणि त्यावरून तू लिहिलेला मजकूर पण जोड, खाडाखोड असेल तशीच, फेअर करत बसू नकोस. आणि कुठला लेखक निवडलास तेही कळव, मी तो पॅराग्राफ काढून ठेवते.

तुझी,
ताई