लाल नाक उतरवल्यावर

प्रश्न : माझा मुलगा २६ वर्षांचा आहे. पाच वर्षं तो विदूषकाचे प्रयोग करतो आणि शाळांमधून मुलांना ती कला शिकवतो. त्यावर त्याचं भागतं. आता ते सोडून मुंबईला सिनेमा-मालिकांत काम शोधायचं म्हणतो. इतकी वर्षं वाया जाणार का?
– एक आई, सांगली

उत्तर : ताई, वर्षं वाया जाणार नाहीत. मला खटकले ते तुमच्या पत्रातले दोन शब्द, ‘ते सोडून’.

अमेरिकेतले बिल अर्विन १९७४ मध्ये क्लाउन कॉलेजातून बाहेर पडले आणि सॅन फ्रान्सिस्कोच्या पिकल फॅमिली सर्कशीत विदूषक झाले. पुढे नाटक, मग सिनेमा. ‘इंटरस्टेलर’मधल्या टार्स या यंत्रमानवाला आवाज त्यांचा आहे, आणि बहुतेक दृश्यांत तो अवजड सांगाडा चालवणारेही तेच. चेहरा कुठेच दिसत नाही, तरी तो यंत्रमानव लोकांना जवळचा वाटला. अंगाची आणि वेळेची ती जाण विदूषकीत मुरलेली आहे. अमेरिकेतलेच दुसरे विदूषक अव्हनर आयझेनबर्ग यांचंही बघा. पॅरिसला नाट्यशिक्षक जाक लकॉक यांच्याकडे शिकले, १९८५ मध्ये हॉलिवूडच्या मोठ्या सिनेमात साधूची भूमिका केली. पण रंगमंच आणि शिकवणं त्यांनी सोडलं नाही. आपले दादा कोंडकेही लोकनाट्यातूनच पडद्यावर आले.

आता अडचण कुठे येईल, ते सांगते. विदूषक प्रेक्षकांच्या डोळ्यांत बघून खेळतो. हशा आला की थांबतो, नाही आला की दुसरं काही करून बघतो. सेटवर हशा नसतो, सगळे श्वास रोखून उभे असतात. लेन्समध्ये बघायचं नसतं. शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायला उंचावलेली भुवई क्लोज-अपमध्ये फार मोठी दिसते. त्यात एकच दृश्य पुन्हा पुन्हा चित्रित होतं, आणि अशा प्रत्येक टेकला कप त्याच हातात, त्याच शब्दावर उचलायचा. यातलं शेवटचं त्याला सोपं जाईल, एकच पडणं त्याने शेकडो वेळा तसंच करून दाखवलं असेल. भुवई आवरायला मात्र वेळ लागेल. रोज मोबाइलवर एक मिनिट, नाक आणि रंग न लावता, साधं बोलणं रेकॉर्ड करून आवाज बंद ठेवून बघायला सांगा. मला हा सराव फार मोलाचा वाटतो.

शिक्षण हवंच असेल तर पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी चित्रपट-शिक्षण संस्थेत पदवीनंतरचा पडद्यावरच्या अभिनयाचा अभ्यासक्रम आहे, लघु अभ्यासक्रमही असतात. तिथल्या विद्यार्थ्यांच्या लघुपटांत काम मिळालं तर पैसा फारसा नाही, पण शोरीलला, म्हणजे आपलं काम दाखवणाऱ्या छोट्या चित्रफितीला, चांगले तुकडे मिळतात. शोरीलमध्ये सुरुवातीला त्याचा साधा चेहरा असू दे, विदूषकीचा तुकडा शेवटी. अंधेरीच्या आरामनगरात ऑडिशनला जाईल तेव्हा एक पक्कं लक्षात ठेवायला सांगा : ऑडिशनसाठी पैसे मागणारा माणूस काम देणारा नसतो.

आणि शाळांचे वर्ग चालू राहू देत. महिन्यातले काही दिवस मुंबई, बाकी वर्ग, असं निदान वर्षभर करावं. भाडं भरता येत असलं की ऑडिशनमध्ये माणूस घाबरत नाही. शिवाय मुलं खोटेपणा लगेच ओळखतात, अशी तालीम त्याला दुसरीकडे मिळणार नाही.

पहिला शोरील तयार झाला की मला पाठवा, मी मनापासून बघेन.