मेडिकल सोडून सिनेमाचे सेट?

सप्रेम नमस्कार.

तुमची मुलगी जॉर्जियाच्या राजधानीत, तिबिलिसीला मेडिकलच्या चौथ्या वर्षाला आहे. तिथे तिनं ‘पिरोस्मानी’ हा जॉर्जियन चित्रपट पाहिला आणि आता शिक्षण सोडून तिथेच प्रॉडक्शन डिझायनर व्हायचं म्हणते. ‘सेट लावणं हे काय करिअर झालं?’ असं तुम्ही विचारलंय. चार वर्षांची फी भरलेल्या बापाचा घोर मला कळतो. पण तिनं काय पाहिलं, ते आधी सांगते.

निको पिरोस्मानी (१८६२–१९१८) हा तिबिलिसीच्या गुत्त्यांसाठी पाट्या आणि चित्रं रंगवणारा गरीब चित्रकार. काळ्या मेणकापडावर रंगवायचा आणि काळा रंग हवा तिथे कापड तसंच उघडं ठेवायचा. १९६९ साली गिओर्गी शेंगेलाया यांनी त्याच्यावर चित्रपट केला. कला दिग्दर्शन, म्हणजे हेच सेटचं काम, अवतांदिल वराझी आणि वासिल अराबिद्झे यांचं. वराझी मूळचे चित्रकार, आणि पिरोस्मानीची भूमिकाही त्यांनीच केली! त्यातल्या खोल्या जवळजवळ रिकाम्या आहेत. भिंत, टेबल, समोर तोंड करून बसलेली माणसं, अगदी पिरोस्मानीच्या चित्रांतल्यासारखी. खोलीतून काय काय काढून टाकायचं हे ठरवायला फार तयार नजर लागते. तुमच्या मुलीला ते दिसलं, याचं मला खरंच कौतुक वाटतं.

आता व्यवहाराचं. पटकथा वाचून प्रत्येक दृश्याची जागा ठरवणं, मापं घेणं, ग्राउंड प्लॅन (जागेचा वरून दिसणारा नकाशा) काढणं, खर्च बसवणं, सुतार-रंगाऱ्यांकडून वेळेत काम करून घेणं, असा हा धंदा आहे. सुरुवात असिस्टंट म्हणून होते आणि कमाई चित्रपटागणिक. तिबिलिसीत १९२२ पासूनची कला अकादमी आहे, शोता रुस्तावेली यांच्या नावाचं नाट्य-चित्रपट विद्यापीठही आहे. २०१६ पासून तिथलं सरकार परदेशी निर्मात्यांना तिथे केलेल्या खर्चाचे २० ते २५ टक्के परत देतं, त्यामुळे बाहेरची शूटिंगंही येतात. पण ड्राय ब्रिजच्या जुन्या बाजारात प्रॉपर्टी, म्हणजे सेटवर मांडायच्या वस्तू, शोधायची, सुताराला चूक दाखवायची, तर जॉर्जियन बोलता यायलाच हवी. तिचं मेडिकल इंग्रजीत चाललंय.

म्हणून माझं स्पष्ट मत: आत्ता सोडू नये. परदेशी पदवीवर भारतात डॉक्टरकी करायची तर सगळं शिक्षण आणि तिथली इंटर्नशिप एकाच संस्थेत पूर्ण व्हावी लागते. मधेच सोडून उरलेली वर्षं दुसरीकडे करता येत नाहीत. चित्रपटाची वाट मात्र दोन वर्षांनीही उघडी असेल. पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी चित्रपट संस्थेत कला दिग्दर्शनाचा अभ्यासक्रम आहे. पात्रतेच्या अटी त्या वर्षीच्या माहितीपत्रकात वाचा.

तुम्ही मात्र एक करा. ‘हे खूळ डोक्यातून काढ’ असं तिला म्हणू नका. येत्या सुट्टीत तिनं तिबिलिसीच्या सोलोलाकी या जुन्या वस्तीतल्या जुन्या घरांचं एक अंगण निवडावं, तिथले लोक त्याला ‘इटालियन अंगण’ म्हणतात. लाकडी गॅलऱ्या, जिने, वाळत घातलेले कपडे, सगळं टेपनं मोजून कागदावर उतरवावं. मग त्याच अंगणात एका म्हाताऱ्या विधवेचं घर आहे असं धरून पुन्हा काढावं: काय ठेवलं, काय काढलं आणि का, ते शेजारी लिहून.

दोन्ही कागद मला पाठवायला सांगा. चित्र सुबक नसलं तरी चालेल, मापं मात्र बरोबर हवीत.