थकबाकी अजून कोर्टात, हप्ता मात्र आजच घरातून जातोय

यावल तालुक्यातल्या एका वाचकाचं पत्र आहे. वय 49. वन विभागाच्या रोपवाटिकेत 1999 पासून रोजंदारीवर. कायम करावं म्हणून 2018 मध्ये औद्योगिक न्यायालयात तक्रार केली, निकाल बाजूने लागला. विभाग उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात गेला आणि निकालाला स्थगिती मिळाली. हाती महिन्याला साडेतेरा हजार, पत्नी केळीच्या बागेत मजुरीला जातात. प्रश्न असा, की कायम कामगाराच्या पगारातल्या फरकाची 25 लाख थकबाकी येणार आहे, तर त्या भरवशावर पत्नीची पोत मोडून प्लॉटला एक लाख बयाणा द्यावा का?

भाऊ, देऊ नका. पोत घरात राहू द्या.

मला घोर लागला तो पत्राच्या शेवटच्या ओळीने : "एक पॉलिसी पण चालू आहे, वर्षाला 60 हजार." सोबत प्रस्ताव अर्जाची झेरॉक्स जोडलीत, हे फार बरं केलंत. त्यात व्यवसायापुढे लिहिलंय "शासकीय नोकरी, कायम" आणि वार्षिक उत्पन्न पाच लाख. अक्षर एजंटाचं, सही तुमची. खरं उत्पन्न एक लाख साठ हजारांच्या आसपास. म्हणजे मजुरीतला तिसऱ्या हिश्श्याहून जास्त पैसा एका हप्त्यात जातो. "कायम झालात की हप्ता जाणवणारही नाही," असं सांगून विकलेली ही पॉलिसी आहे. कोर्टाने अजून न दिलेल्या पैशावर एजंटाने कमिशन उचललं, याची मला मनापासून चीड येते.

हिशेब बघा. दहा वर्षं भरायचे सहा लाख, विसाव्या वर्षी मिळणार बारा. पैसा सरासरी पंधरा वर्षं अडकून दुप्पट होतो, म्हणजे वर्षाला पावणेपाच टक्के. पीपीएफ 7.1 देतं. आणि दुसरा हप्ता तुम्ही शेकडा तीनने उसने काढून भरलात! वर्षाला 36 टक्क्यांनी कर्ज, पाच टक्क्यांना गुंतवणूक. नुसतं व्याजच महिन्याला 1,800 जातंय.

त्याहून वाईट म्हणजे विमा कायद्याच्या कलम 45 प्रमाणे पहिली तीन वर्षं कंपनी खोट्या माहितीवरून दावा नाकारू शकते. उद्या तुमचं काही बरंवाईट झालं, तर वहिनींच्या हातात हीच झेरॉक्स असेल.

तिसरा हप्ता भरू नका. अर्जातली माहिती एजंटाने चुकीची भरली, पॉलिसी रद्द करून पूर्ण हप्ते परत द्या, असं कंपनीला लेखी कळवा आणि पोच घ्या. महिनाभरात दाद लागली नाही तर विमा लोकपालाकडे जा, तिथे फी नाही. तिथेही जमलं नाही तर सरेंडर करा, म्हणजे पॉलिसी मुदतीआधीच बंद करून मिळेल ती रक्कम घ्या. 1 लाख 20 हजारांतले निम्मे आले तरी उसनवारी फिटेल. विम्यासाठी बँकेत प्रधानमंत्री जीवन ज्योतीचा फॉर्म भरा. वर्षाला 436 रुपयांत दोन लाखांचं संरक्षण मिळतं, पण वयाच्या पन्नाशीपर्यंतच प्रवेश आहे. हा आठवडा दवडू नका.

आता थकबाकी. रोजंदारीवरच्या माणसाला कायम होण्याचा हक्क आपोआप मिळत नाही, असं सांगणाऱ्या सर्वोच्च न्यायालयाच्या 2006 च्या उमादेवी निकालाचा दाखला सरकारी बाजू देणारच. पण त्याने औद्योगिक न्यायालयाचे अधिकार जात नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये एसटीच्या प्रकरणात सांगितलंय, आणि डिसेंबर 2024 च्या जग्गो निकालात वर्षानुवर्षं नियमित काम करून घेऊन माणसाला हंगामी ठेवण्याच्या पद्धतीवर ताशेरे ओढलेत. दावा जरूर लढा. पण 25 लाखांचा आकडा 1999 पासून दरमहा आठ हजारांचा फरक धरून काढलाय. कोर्ट अनेकदा थकबाकी तक्रारीच्या तारखेपासून किंवा त्याआधीच्या तीनेक वर्षांपुरतीच देतं. 2018 पासून धरली तर सात-आठ लाख. तेही कधी, ते कोणी सांगू शकत नाही. घरखर्चाच्या वहीत हा आकडा शून्य धरा.

तुम्ही विचारलं नाहीत, पण वकिलांना एक नक्की विचारा : निकालात कायम केल्याची तारीख कोणती आहे? राज्यात 1 नोव्हेंबर 2005 पासून नेमलेल्यांना जुनी पेन्शन नाही. तारीख त्याआधीची टिकली, तर जन्मभराची पेन्शन त्या सात-आठ लाखांपेक्षा कितीतरी मोठी ठरेल. तडजोडीच्या कागदावर थकबाकी दाखवून तारीख पुढे ढकलली जात असेल, तर सही करू नका. 1999 ते 2005 मधल्या हजेरीपटांच्या नकला, वर्षाला 240 दिवस भरल्याचं दाखवणाऱ्या, नसतील तर माहितीच्या अधिकारात आजच मागवा.