हुकूम कोणाचा?

अनेक आशीर्वाद.

न्यू जर्सी नॅशनल गार्डच्या मुख्यालयात तुझी नेमणूक झाल्याचं तुझ्या आईकडून कळलं, आणि पाठोपाठ तुझा मेसेज आला: "काका, वादळ आलं की राज्याचे आणि फेडरल जवान एकाच अधिकाऱ्याच्या हाताखाली देतात म्हणे. मग हुकूम नक्की कोणाचा?" मी राज्याच्या आपत्ती विभागात होतो, वर्दीत कधीच नव्हतो. पण याच प्रश्नावर रात्र रात्र चाललेल्या बैठका पाहिल्यात, म्हणून लिहितो.

आपल्याकडे पूर आला की कलेक्टर लष्कराची मदत मागतो, तुकडी येते आणि आपल्याच अधिकाऱ्याचं ऐकते. राज्याचं स्वतःचं सैन्य नसल्यामुळे हा घोळच होत नाही. इथे गव्हर्नरकडे नॅशनल गार्ड हे राज्याचं सैन्य आहे, राष्ट्राध्यक्षांकडे फेडरल, म्हणजे केंद्राचं, वेगळं आहे, आणि दोघांचे गणवेश अगदी सारखे. स्टेट अ‍ॅक्टिव्ह ड्युटीवरच्या जवानाला हुकूम गव्हर्नरचा आणि पगार राज्याचा. फेडरल कायद्यातलं टायटल ३२ लागू असेल तर हुकूम गव्हर्नरचाच, पैसा मात्र वॉशिंग्टनचा. टायटल १० म्हटलं की दोन्ही वॉशिंग्टनचं.

हे कागदी वाटेल, तोवर रस्त्यावर ये. होबोकेनला पाणी नि जेवणाची पाकिटं वाटताना रांग मोडली, ढकलाढकली सुरू झाली असं समज. शहराचा पोलीस सार्जंट समोरच्या दोन जवानांना ओरडून सांगतो, "त्या माणसाला धरा." पहिला गार्डचा, गव्हर्नरच्या हुकमावरचा. राज्याने तसा अधिकार दिला असेल तर तो पुढे होईल. दुसरा केंद्राच्या सक्रिय सैन्यातून आलेला, त्याने तसं करायचं नाही. केंद्राच्या सैन्याला पोलिसी काम करू न देणारा १८७८चा पॉसी कॉमिटेटस कायदा त्याच्या आड येतो. सार्जंटला हा फरक दिसत नाही, दिसायची अपेक्षाही नाही. तो तुला दिसला पाहिजे, आणि जवानांना ट्रकमध्ये बसवण्याआधी दिसला पाहिजे.

कतरीना वादळाचं तू वाचलं असशीलच, पण त्यातली एक रात्र नीट वाच. २९ ऑगस्ट २००५ला वादळ लुइझियानाच्या किनाऱ्याला लागलं. पुढच्या काही दिवसांत राज्याराज्यांतून गार्डचे सुमारे ५०,००० जवान आले, ते गव्हर्नरांच्या हुकमाखाली. सक्रिय सैन्याचे सुमारे २२,००० आले, ते लेफ्टनंट जनरल रसेल ऑनरे यांच्याकडे. जवान एकाच बुडालेल्या शहरात, साखळ्या मात्र दोन. कुठे एकाच छतावर दोन-दोन हेलिकॉप्टरं, कुठे एकही नाही. २ सप्टेंबरच्या रात्री उशिरा व्हाइट हाउसकडून गव्हर्नर कॅथलीन ब्लँको यांच्या कचेरीत एक मसुदा आला: सगळं सैन्य ऑनरे यांच्याकडे द्या, ते तुम्हालाही जबाबदार राहतील आणि राष्ट्राध्यक्षांनाही. ब्लँको यांनी सही केली नाही. दुसऱ्या दिवशी बुश यांनी ८२व्या एअरबोर्न या छत्रीधारी डिव्हिजनसह हजारो जवान पाठवायची घोषणा केली, आणि साखळ्या शेवटपर्यंत दोनच राहिल्या.

यावरून लोक आजही भांडतात. कोणी म्हणतं बाईंनी हट्ट केला, कोणी म्हणतं व्हाइट हाउसने राजकारण केलं. माझं मत विचारशील तर चूक मसुद्यात कमी आणि वेळेत जास्त होती. माणसं छतावर बसलेली असताना मध्यरात्री आलेल्या कागदावर कुठलाही शहाणा गव्हर्नर आपल्या सैन्याचा ताबा सोडणार नाही. आणि गंमत बघ, गार्डच्याच एका अधिकाऱ्याला दोन्ही अधिकार द्यायची तरतूद कायद्यात तेव्हा होती. २००४मध्ये जॉर्जियातल्या सी आयलंडच्या जी-८ परिषदेला ती वापरलीही होती. पण परिषदेची तारीख आधी ठरलेली असते. वादळाची नसते.

मग वॉशिंग्टनने उलट्या टोकाला उडी मारली. २००६मध्ये इन्सरेक्शन अ‍ॅक्ट, म्हणजे बंडाळीत सैन्य वापरण्याचा कायदा, बदलून नैसर्गिक आपत्तीतही राष्ट्राध्यक्षांना गव्हर्नरांना डावलायची वाट करून दिली. गव्हर्नर पक्षभेद विसरून विरोधात उभे राहिले, आणि २००८च्या सुरुवातीला ती दुरुस्ती मागे घ्यावी लागली. २०१०मध्ये दहा गव्हर्नरांची परिषद नेमली. तिथे बोलणी झाली, आणि २०११च्या अखेरीच्या संरक्षण कायद्याने सांगितलं की आपत्तीत दोन्ही सैन्यं एकत्र आली तर ड्युअल स्टेटस कमांडर, म्हणजे राज्य आणि केंद्र दोन्हींचे अधिकार असलेला एकच अधिकारी, हीच नेहमीची पद्धत असावी. तुझ्या मुख्यालयातली आजची रचना या भांडणातून निघाली आहे, म्हणून एवढं सांगितलं.

आता मुख्य मुद्दा, कारण नवे अधिकारी इथेच फसतात. या पद्धतीत दोन साखळ्या एक होत नाहीत. गव्हर्नरचा हुकूम राज्याच्या गार्डचा प्रमुख असलेल्या अ‍ॅडज्युटंट जनरलमार्फत खाली येतो. राष्ट्राध्यक्षांचा येतो तो संरक्षणमंत्र्यांकडून, कोलोरॅडोतल्या नॉर्दर्न कमांड या लष्करी मुख्यालयामार्फत. दोन्ही येऊन मिळतात ते त्या एका अधिकाऱ्यापाशी, आणि त्याच्याखाली पुन्हा वेगळ्या होतात. म्हणून त्याला उपकमांडर दोन, एक राज्याच्या बाजूचा आणि एक फेडरल. गव्हर्नर आणि संरक्षणमंत्री यांच्यात करार झाल्याशिवाय यातलं काही सुरूच होत नाही. दोन वरिष्ठांचे हुकूम एकमेकांवर आदळले तर कमांडरने मनाने निवाडा करायचा नाही, दोन्हीकडे कळवायचं आणि कायदा सल्लागाराला शेजारी बसवायचं.

म्हणजे तुझ्यासारख्या कॅप्टनचं काम काय? काम एक ठेवायचं आणि हुकूम दोन ठेवायचे. रॉकअवेमधलं पाणी उपसायचं हे एक काम. पंप फेडरल, वाहतूक आवरणारे गार्डचे. आदेशाचे कागद दोन निघतील, पण वेळ, जागा आणि रेडिओची वाहिनी दोन्हीत तीच हवी. कंटाळून दोघांना एकाच आदेशात घालणारा अधिकारी मी पाहिलाय. त्याचं काम दुपारपर्यंत झकास चाललं, दुपारनंतर वकील आले.

सँडी हे वादळ २९ ऑक्टोबर २०१२ला तुझ्याच राज्याच्या किनाऱ्यावर आलं. त्याच वर्षी जूनमध्ये कोलोरॅडोच्या वणव्यांत ही पद्धत अचानक आलेल्या आपत्तीत पहिल्यांदा वापरली होती, म्हणजे सगळंच कोवळं होतं. न्यूयॉर्क आणि न्यू जर्सीत कमांडर नेमले गेले, करारही झाले. तरीही स्टेटन आयलंडवर नौदलाच्या जहाजांवरून मरीन उतरले ते त्या कमांडरच्या साखळीतून आलेले नव्हते, अशी टीका नंतरच्या अभ्यासांत आहे. जीव वाचवायला स्थानिक अधिकाऱ्याने हाक मारली तर जवळच्या लष्करी कमांडरला वरच्या मंजुरीची वाट न बघता हात देता येतो. ७२ तासांच्या आत त्याचा फेरविचार व्हायला हवा, एवढंच. सोय चांगली आहे, मला ती बदललेली नको. पण त्यामुळे तुझ्या फळ्यावर नसलेले जवान तुझ्या जिल्ह्यात असणार, हे धरूनच चाल. रोज सकाळी नगरपालिकांना फोन करून विचार, "तुमच्याकडे वर्दीतलं कोण आलंय?" उत्तरं ऐकून दचकशील.

फेमा या केंद्राच्या आपत्ती यंत्रणेच्या विभागात बसणारा डिफेन्स कोऑर्डिनेटिंग ऑफिसर, म्हणजे लष्कराचा समन्वय अधिकारी, बहुधा कर्नल असतो. फेमाने मागितलेली लष्करी मदत त्याच्या टेबलावरून जाते. त्याला सप्टेंबरच्या आत एकदा प्रत्यक्ष भेट, ईमेलवर भागवू नकोस. आणि राज्याच्या कराराची शेवटची सही झालेली प्रत मुख्यालयात कोणाच्या कपाटात आहे ते शोध. सापडली तर तारीख बघ, आणि त्यावर सही करणाऱ्यांपैकी किती जण अजून त्या खुर्चीवर आहेत ते मला कळव.

तुझा,
काका