‘पाद्री राष्ट्रीय शाळेचा व्यवस्थापक होता’ : एका वाक्याची शब्दचर्चा

एका वाचकबाईंची शंका अशी : आयर्लंडच्या पश्चिमेकडच्या एका खेड्यातली कथा त्या मराठीत आणत आहेत. काळ साधारण १९५५ चा. मुळात साधंसं वाक्य आहे, पॅरिश प्रीस्ट नॅशनल स्कूलचा मॅनेजर होता, एवढंच. बाईंनी लिहिलं, ‘पाद्री राष्ट्रीय शाळेचा व्यवस्थापक होता.’ “चूक सापडत नाही, पण खटकतंय. पाद्री म्हणू, धर्मगुरू म्हणू की फादर?”

खटकतंय ते योग्यच आहे. पाच शब्दांच्या या वाक्यात ‘शाळा’ सोडली तर एकही शब्द जागेवर बसलेला नाही. ‘होता’सुद्धा नाही. आणि गंमत म्हणजे बाईंनी ज्याबद्दल विचारलंय तो शब्द त्यातल्या त्यात निरुपद्रवी आहे.

खरा घात करतो तो ‘राष्ट्रीय’. मराठीत ‘राष्ट्रीय शाळा’ म्हटलं की डोळ्यांपुढे काय येतं? टिळकांच्या काळातली राष्ट्रीय शिक्षणाची चळवळ, विजापूरकरांचं तळेगावचं समर्थ विद्यालय, पुढे असहकाराच्या दिवसांत सरकारी शाळा सोडून आलेली मुलं. सरकारला नको असलेली शाळा, हा त्या शब्दाचा आपल्याकडचा वास. आयर्लंडातली नॅशनल स्कूल नेमकी उलट दिशेने आली. १८३१ साली, म्हणजे देश ब्रिटिश अमलाखाली असताना, तिथले चीफ सेक्रेटरी स्टॅन्ली यांनी ड्यूक ऑफ लीन्स्टर यांना लिहिलेल्या पत्रातून ही व्यवस्था उभी राहिली. पैसा सरकारचा, क्रमिक पुस्तकं सरकारमान्य, शिकवायचं इंग्रजीतून. घरी आयरिश बोलणारी पोरं शाळेत इंग्रजी ऐकायची. काही भागांत तर मुलाच्या गळ्यात एक काठी अडकवायचे आणि तोंडून आयरिश शब्द निघाला की तिच्यावर एक खाच पाडायचे. संध्याकाळी खाचा मोजून छड्या.

आपल्या अर्थाची ‘राष्ट्रीय शाळा’ आयर्लंडात शोधायचीच असेल तर ती पॅट्रिक पिअर्स यांनी १९०८ मध्ये डब्लिनला काढलेली सेंट एन्डाज. मुलांना आयरिश आणि इंग्रजी दोन्हींतून शिकवणारी. तिचे संस्थापक १९१६ च्या ब्रिटिशांविरुद्धच्या उठावानंतर गोळ्या घालून मारले गेले. विजापूरकरांना कारावास घडला, शाळा सरकारने बंद पाडली. हे दोघं एकमेकांना समजले असते. ‘नॅशनल स्कूल’ म्हटल्यावर मात्र दोघांनीही नाक मुरडलं असतं. तेव्हा बाई, ‘नॅशनल स्कूल’ हे नावच ठेवा, किंवा सरळ ‘गावची प्राथमिक शाळा’ म्हणा. ‘राष्ट्रीय’ एकदा लिहिलंत की मराठी वाचक चुकीच्या गाडीत बसलाच.

आता ‘व्यवस्थापक’. हा शब्द बँकेतला, हॉटेलातला. हजेरीपट बघणारा, तक्रारवही ठेवणारा. आयर्लंडातल्या शाळेचा मॅनेजर वेगळा होता. स्टॅन्लींच्या मनात कॅथलिक आणि प्रॉटेस्टंट मुलांनी एकाच बाकावर बसावं, धर्माचे धडे तेवढे वेगवेगळे घ्यावेत, असं होतं. कोणत्याच चर्चला ते मनापासून रुचलं नाही. जो तो आपापल्या बाजूने ओढत राहिला आणि शतक संपेपर्यंत बहुतेक शाळा व्यवहारात एकेका पंथाच्या होऊन बसल्या. शाळेचा पेट्रन म्हणजे बिशप आणि त्यांच्या वतीने मॅनेजर म्हणजे गावचे मुख्य धर्मगुरू. मास्तरांचा पगार डब्लिनहून सरकारी तिजोरीतून यायचा, पण मास्तरांना नेमायचं की घरी बसवायचं हे ठरायचं चर्चशेजारच्या घरात. सरकारी खर्चाची शाळा आणि धर्मगुरूंच्या हातातली नोकरी, असा हा संसार. १९६५ मध्ये कादंबरीकार जॉन मॅकगॅहर्न यांच्या पुस्तकावर सरकारी बंदी आली तेव्हा ते डब्लिनच्या एका प्राथमिक शाळेत शिक्षक होते. बंदी पुस्तकावर होती, गेली ती नोकरी. कथेचा काळ १९५५ आहे हे विसरू नका. व्यवस्थापन मंडळं आली ती १९७५ मध्ये. त्याआधी मॅनेजर म्हणजे एकटा माणूस.

महाराष्ट्रात याला जवळचा शब्द आहे, आणि तो प्रत्येक शिक्षकाला पाठ आहे : ‘संस्थाचालक’. अनुदान सरकारचं, नेमणूक त्यांची. मोह होतो, कबूल आहे. मी तरी तो शब्द वापरणार नाही, कारण त्याच्या मागोमाग साखर कारखाना, पांढरी गाडी आणि पुढची निवडणूक रांगेने येतात. आयर्लंडातले हे फादर सायकलवर यायचे. मी म्हणेन, ‘शाळेचा कारभार फादरांकडे होता.’ नामाच्या मागे धावण्यापेक्षा क्रियापदाकडे वळलं की मराठी मोकळी होते. ‘कारभार’ या शब्दात सत्ता आहे, हिशेब आहे आणि थोडी मनमानीही आहे. तिन्ही इथे हवंच.

‘पेट्रन’ला ‘आश्रयदाता’ करू नका. लगेच दरबार, गवई आणि बिदागी दिसायला लागते. ‘पालक’ तर नकोच, ते वर्गाबाहेर डबा घेऊन उभे असतात. ‘शाळा बिशपांच्या छत्राखाली होती’ असं सांगता येईल. हे प्रकरण जुनं झालेलं नाही, हेही जाता जाता सांगतो. आजही तिथल्या दहातल्या जवळपास नऊ प्राथमिक शाळांचे पेट्रन कॅथलिक चर्चच्या बाजूचे आहेत. बाप्तिस्मा झालेल्या मुलाला प्रवेशात आधी घ्यायची मुभा कॅथलिक शाळांना होती. ती काढून घेणारा कायदा २०१८ चा.

मग मूळ प्रश्न. पाद्री की फादर?

अर्थाने दोन्ही एकच. पोर्तुगीज ‘पाद्रे’ म्हणजे बाप, इंग्रजी ‘फादर’ म्हणजेही बाप. आयरिश भाषेत फादरांना ‘आहिर’च्या जवळपास ऐकू येणारा शब्द लावतात, आणि तोही बापच. आपला ‘पितृ’, लॅटिन ‘पातेर’ आणि हा आयरिश शब्द एकाच घरातले. केल्टिक भाषांनी फार पूर्वी शब्दारंभीचा ‘प’ टाकून दिला, म्हणून चेहरा ओळखू येत नाही एवढंच. असे चुलतभाऊ आणखी आहेत. गोव्यात चर्चला ‘इगर्ज’ म्हणतात, आयरिशमध्ये ‘अग्लश’सारखा शब्द आहे, दोन्हींचं मूळ लॅटिन ‘एक्लेसिया’. गोव्यातली ‘इस्कोल’ आणि आयरिश ‘स्कोल’ यांचं तर सांगायलाच नको.

पण शब्दाला अर्थाबरोबर पतही असते. मराठीत ‘पाद्री’ हा दुरून बघणाऱ्याचा शब्द झालाय. धर्मांतराच्या वादांत, वर्तमानपत्री भांडणांत तो इतका वापरला गेला की त्याला एक धार चढली. गोव्यात तसं नाही. तिथे ‘पाद्री विगार’ मानाने म्हणतात. ‘विगार’ म्हणजे मुख्य आणि ‘कूर’ म्हणजे त्यांचे सहायक, दोन्ही पोर्तुगीजांकडून आलेले. उलट उस्मानाबादच्या २०२० च्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष आठवा. मराठीत सहसा कोणी त्यांना ‘पाद्री दिब्रिटो’ म्हटलं नाही. ते ‘फादर दिब्रिटो’च होते. ख्रिस्तपुराणकारही आपल्याला ‘फादर स्टीफन्स’ म्हणूनच ठाऊक. वसईचे कॅथलिक लेखनात ‘धर्मगुरू’ लिहितात, चर्चच्या मुख्यांना ‘प्रमुख धर्मगुरू’ म्हणतात, त्यांच्या हद्दीला ‘धर्मग्राम’ आणि बिशपांच्या हद्दीला ‘धर्मप्रांत’. सगळी घडीव, वापरातली मराठी. बोलताना मात्र ‘या, धर्मगुरू, बसा’ कोणी म्हणत नाही. ‘या फादर’ म्हणतात. म्हणून निवेदनात ‘धर्मगुरू’, संवादात ‘फादर’. दोन धर्मगुरू असतील तर ‘मोठे फादर’ आणि ‘धाकटे फादर’ करा, गावाने तेच केलं असतं. ‘पाद्री’ राखून ठेवा. कथेत एखादा चिडलेला, चर्चला न जाणारा म्हातारा असेलच. त्याच्या तोंडी तो शोभेल.

आता ‘होता’चं बघा. इंग्रजीत एका ‘ही’मध्ये आदर, भीती, तिरस्कार सगळं झाकून जातं. मराठीला ते जमत नाही. ‘फादर आले’ की ‘फादर आला’, आपल्याला ठरवावंच लागतं. त्या खेड्यात फादर दिसले की पुरुष टोप्या काढायचे, चुलीपुढच्या गप्पा थांबायच्या. तेव्हा पात्रांच्या तोंडी आदरार्थीच हवं. पण निवेदक जर मोठा झालेला, मार खाल्लेला मुलगा असेल, तर त्याच्या निवेदनात कुठेतरी ‘आले’चं ‘आला’ होईल. मूळ लेखकाला जे करता आलं नसतं ते तुम्हाला एका मात्रेत करता येईल. मला विचाराल तर या अनुवादाचं सगळं यश त्या एका जागेवर अवलंबून आहे.

बाकीचे खड्डे भरभर दाखवतो. ‘पॅरिश’ म्हणजे एका चर्चची हद्द, पण तिचं दर वेळी ‘धर्मग्राम’ करू नका. ‘सगळ्या पॅरिशला कळलं’ म्हणजे मराठीत ‘गावभर झालं’. आयर्लंडात पॅरिश ही प्रार्थनेपुरती हद्द नाही. १८८४ मध्ये स्थापन झालेल्या गेलिक खेळांच्या संघटनेचे क्लबसुद्धा बहुतेक पॅरिशवारच असतात, आणि त्या संघटनेच्या पहिल्या पेट्रनांपैकी एक होते कॅशेलचे आर्चबिशप क्रोक. डब्लिनचं क्रोक पार्क हे मैदान त्यांच्याच नावाचं. ‘चर्च ऑफ आयर्लंड’ला ‘आयर्लंडचं चर्च’ केलंत तर वाचकाला ते बहुसंख्यांचं वाटेल, पण ते अल्पसंख्य प्रॉटेस्टंटांचं. त्यांचे रेक्टर, म्हणजे गावचे धर्मोपदेशक, लग्न करतात. त्यांना ‘रेव्हरंड’ म्हणा. रेव्हरंड टिळक आणि लक्ष्मीबाई आपल्या घरातले असल्यामुळे पुढचं सांगावं लागत नाही.

‘सिस्टर’ आणि ‘ब्रदर’ इथे तर हसू होईल. मराठी वाचकाची सिस्टर दवाखान्यात असते आणि ब्रदरही. ‘सिस्टरांनी त्याला हात पुढे करायला सांगितला’ असं लिहिलंत तर लोक इंजेक्शनची वाट बघतील. निवेदनात ‘धर्मभगिनी’ वापरा. भगिनी निवेदितांमुळे ‘भगिनी’ला आपल्याकडे जागा आहे, आणि त्या स्वतः आयर्लंडच्या डंगॅननमध्ये जन्मलेल्या, धर्मोपदेशकाची मुलगी. ‘ख्रिश्चन ब्रदर्स’ हे संघाचं नाव आहे. वॉटरफर्डच्या एडमंड राइस यांनी १८०२ मध्ये गरीब मुलांसाठी शाळा काढली, तिथून तो वाढला. हे ब्रदर मिस्सा, म्हणजे कॅथलिकांची मुख्य उपासना, करत नाहीत, शिकवतात. म्हणून त्यांना धर्मगुरू म्हणू नका. त्यांच्या झग्यात चामड्याचा पट्टा असायचा, त्याला ‘छडी’ म्हणू नका. पट्टाच म्हणा. शाळेत मारायला बंदी आली ती १९८२ मध्ये.

‘कॉन्व्हेंट’ची गोष्ट वेगळीच. विदर्भात आमच्या गल्लीत गणपतीच्या नावाचं एक कॉन्व्हेंट होतं. नन औषधाला नाही, आवारात मारुतीचं देऊळ. आपल्याकडे कॉन्व्हेंट म्हणजे इंग्रजी माध्यम. आयरिश कथेत कॉन्व्हेंट म्हणजे आधी धर्मभगिनींचं राहतं घर, मग त्याला लागून शाळा. ‘मठ’ लिहावंसं वाटेल, पण मग वाचक अक्कलकोटला पोचतो. ‘धर्मभगिनींचं निवास’ बरं.

आणि एक शब्द गमतीचा नाही. ‘इंडस्ट्रियल स्कूल’ला ‘औद्योगिक शाळा’ केलंत तर मराठी वाचक आयटीआय समजेल. आयर्लंडात तिथे अनाथ, गरीब, कोर्टाने पाठवलेली मुलं ठेवत, बहुतेक ठिकाणी धार्मिक संघांच्या ताब्यात. तिथे मुलांचं काय झालं ते २००९ च्या रायन आयोगाच्या पाच खंडी अहवालात आहे. पात्राला ‘तुला तिकडे पाठवू’ अशी धमकी मिळत असेल तर ती सुतारकामाची नसते. ‘सुधारगृह’ लिहा, त्यातलं कुलूप वाचकाला कळतं.

तर तुमचं वाक्य, माझ्या हाताने : ‘गावच्या शाळेचा कारभार मोठ्या फादरांकडे होता.’ पुढे कुठे मास्तर आले तर त्यांना ‘शिक्षक’ करू नका. तिथले लोकही ‘मास्टर’च म्हणत आणि आपल्या ‘मास्तर’मध्ये तोच दरारा आणि तीच फाटकी कोपरं आहेत. हिवाळ्यात पोरं रोज काखेत दलदलीतून कापून वाळवलेला टर्फचा एकेक तुकडा घेऊन येत आणि त्या शेकोटीकडे पाठ करून मास्तर उभे असत.

आणखी एक. कथेत ‘आमच्याकडे स्टेशन आहे’ असं वाक्य आलं आणि लगेच घराला चुना लावायला सुरुवात झाली, तर आगगाडीची वाट बघू नका. वस्तीतल्या घरांत पाळीपाळीने फादर येऊन मिस्सा करत, त्याला तिथे स्टेशन म्हणतात. भिंती रंगवायच्या, शेजारून चांगल्या कपबश्या मागून आणायच्या, स्वयंपाकघरातलं टेबल वेदी व्हायचं. मग शेजारपाजाऱ्यांना चहा आणि बैठकीच्या खोलीत फादरांना एकट्यांना उकडलेलं अंडं. ‘घरची मिस्सा’ म्हणा. ‘घरचा मास’ मात्र चुकूनही नको, आपल्याकडे त्याचे दोन अर्थ होतात आणि दोन्ही चुकीचे.